अवतरंग हातानं समजून घ्या : दोर, गज, गॉगल आणि रेडिओ

दोरी वर-खाली हलवली की अवतरंग, एवढं पाठ करून आलेल्या मुलाच्या हातात दोरी द्या आणि ती डावी-उजवीकडे झटकायला सांगा. मग विचारा, आता कुठला तरंग? बरीच मुलं अडखळतात, कारण ‘वर-खाली’ हीच त्यांनी व्याख्या धरलेली असते. दोरी वर-खाली झटका, आडवी झटका, तिरकी झटका. दोरीचा प्रत्येक कण तरंगाच्या वाटेशी काटकोनात हलत असेल तर तो अवतरंगच.

बेळगाव, खानापूर, निपाणी भागात मराठी माध्यमातून एसएसएलसी (दहावी) करून पीयूसीला (अकरावी-बारावीला) सायन्स घेणारी मुलं, त्यांचे शिक्षक आणि पालक डोळ्यासमोर ठेवून हे लिहितोय. पीयूसीत हाच अवतरंग ‘ट्रान्सव्हर्स वेव्ह’ म्हणून इंग्रजीतून येतो, फळ्यावर एक नागमोडी रेघ उमटते आणि ती वहीत उतरवली की धडा संपला असं वाटतं. माझ्या मते निम्मा गोंधळ त्या रेघेनंच केलेला आहे. म्हणून रेघ बाजूला ठेवून हातानं सुरुवात करूया. सामान फार लागत नाही: आठ मीटर जाड सुती दोर, रद्दीवाल्याकडे असतो तसा हुकाचा काटा, घड्याळ, पोलराइज्ड गॉगल, साधा कॅल्क्युलेटर आणि मध्यम लहरी पकडणारा जुना रेडिओ.

आधी तीन प्रश्न

तरंग कुठलाही असो, तीन प्रश्न विचारायचे. हलतंय काय? तरंग निघालाय कुठं? आणि या दोन दिशांमध्ये कोन किती?

कोन ९० अंश असेल तर अवतरंग. दोन्ही दिशा एकाच रेषेत असतील तर अनुतरंग. हवेतला आवाज हा त्याचा नमुना. बेळगावातल्या शहापूर-वडगावच्या विणकरांच्या मागावर धोटा, म्हणजे आडवा धागा नेणारा ठोकळा, उभ्या धाग्यांना काटकोनात पळतो. माग पूर्वेकडे तोंड करून ठेवा की उत्तरेकडे, धोट्याची धाव धाग्यांना आडवीच. अवतरंगातला आडवेपणाही असाच, तरंगाच्या वाटेच्या हिशेबानं ठरतो. जमिनीच्या किंवा आकाशाच्या हिशेबानं नाही.

यातून एक महत्त्वाची गोष्ट निघते. तरंग सरळ तुमच्याकडे येतोय असं समजा. अनुतरंगातल्या कणाला पुढं-मागं हलण्यावाचून पर्याय नाही, दिशा एकच. अवतरंगातला कण मात्र वर-खाली हलू शकतो, डावी-उजवीकडे हलू शकतो, मधल्या कुठल्याही तिरक्या दिशेनं हलू शकतो. म्हणजे अवतरंगाला बाजू असते, अनुतरंगाला नसते. त्यामुळे तरंगाच्या वाटेत एखादी वस्तू धरून ती त्या वाटेलाच अक्ष मानून फिरवली आणि फिरवल्यानं फरक पडला, तर तरंग अवतरंग आहे असं बिनधास्त म्हणता येतं. तरंग डोळ्यांना दिसो वा न दिसो, ही कसोटी चालते. खालचे बरेचसे प्रयोग याच एका कसोटीचे आहेत.

दोर : इथं वेळ घालवा

नायलॉनची हलकी दोरी घेऊ नका. तिच्यात तरंग इतका चपळ पळतो की डोळ्याला सापडत नाही. बोटाएवढा जाड सुती दोर घ्या. आधी किराणा दुकानातल्या काट्यावर त्याचं वजन करा. समजा आठ मीटर दोर ६४० ग्रॅम भरला. म्हणजे एका मीटरला ८० ग्रॅम, अर्थात ०.०८ किलोग्रॅम. हा आकडा लिहून ठेवा, पुढं लागणार आहे.

व्हरांड्याच्या खांबाला हुकाचा काटा बांधा, हुकात दोराचं एक टोक अडकवा आणि दुसरं टोक हातात धरून मागं सरका. काटा दोन किलो दाखवेपर्यंत ताणा. दोर मधोमध वीतभर किंवा त्याहून थोडा जास्त झोळतो, त्याची काळजी नको. दोराच्या मध्यावर लाल चिंधी बांधा. आता मनगटानं एकच झटका वर द्या आणि लगेच हात जागेवर आणा.

उंचवटा खांबाकडे पळत गेलेला दिसेल. चिंधीकडे बघा: ती वर गेली, खाली आली आणि होती तिथंच राहिली. खांबाकडे एक बोटभरही सरकली नाही. दोरातून पुढं गेली ती हालचाल आणि तिच्याबरोबरची ऊर्जा. दोर जागच्या जागी आहे. झटका आडवा देऊन पाहा, चिंधी आडवी हलेल, पण उंचवटा त्याच वाटेनं आणि तेवढ्याच वेगानं जाईल.

खांबावरून परत येताना उंचवटा उलटा होऊन, खळगा होऊन येतो. बांधलेलं टोक हलू शकत नाही, म्हणून असं होतं. हेच टोक लांब, बारीक सुतळीनं बांधून मोकळं ठेवलं तर उंचवटा सुलटाच परततो. दोन्ही करून बघा, परीक्षेत हा प्रश्न हमखास येतो आणि एकदा पाहिलेलं विसरत नाही.

आता वेग. झटका परत आला की हाताला ठोका जाणवतो. झटका देताक्षणी घड्याळ सुरू करा आणि तिसऱ्या ठोक्याला थांबवा. तीन फेऱ्यांत तरंग ४८ मीटर गेला. ४८ ला सेकंदांनी भागा, झाला वेग.

हिशेबानं किती यायला हवा? ताणलेल्या दोरातल्या अवतरंगाचं सूत्र असं:

वेग = √(ताण ÷ दर मीटरचं वस्तुमान)

काटा दोन किलो दाखवतोय, म्हणजे ताण २ × ९.८ = १९.६ न्यूटन. तो ०.०८ नं भागला की २४५, आणि त्याचं वर्गमूळ सुमारे १५.७. म्हणजे सेकंदाला १५.७ मीटर. एक फेरी १६ मीटरची, तिला सेकंदाहून किंचित जास्त वेळ, तीन फेऱ्यांना साधारण ३.१ सेकंद. हाताच्या प्रयोगात उत्तर दहा टक्के इकडं-तिकडं आलं तरी चांगलं समजायचं. बिलकुलच जुळत नसेल तर आधी ताण बघा. झटके देता देता हात ढिला पडतो आणि काटा दीड किलोवर आलेला असतो.

इथं एक पैज लावायला हरकत नाही. मुलांना विचारा, झटका जोरात दिला तर तरंग लवकर पोचेल का? बहुतेक जण हो म्हणतील. मग लहान झटका आणि मोठा झटका, दोन्ही मोजायला लावा. वेळ तोच येतो. जोरानं उंचवट्याची उंची, म्हणजे आयाम वाढतो. वेग ठरतो तो ताण आणि दोराचं वजन यांवरूनच. वेग दुप्पट हवा असेल तर ताण चौपट करावा लागेल. काटा आठ किलोवर न्या आणि पुन्हा मोजा, फेरी अर्ध्या सेकंदात होते. आठ किलोला दोन्ही हात वापरा आणि गाठ पक्की आहे ना ते बघा. सुटलेला काटा तोंडावर येतो.

त्याच दोरात स्थिर तरंग

ताण परत दोन किलोवर आणा. आता एकच झटका न देता हात ठरावीक लयीत हलवत राहा. लय सेकंदाला साधारण एक अशी धरली की सगळा दोर एका पोटात फुगतो. लय दुप्पट केली की दोन पोटं होतात आणि मध्यावरची चिंधी जवळजवळ हलायची थांबते. तिप्पट लयीत तीन पोटं. मधल्याच एखाद्या लयीत हलवलं तर दोर नुसता गडबडतो, आकार धरत नाही.

सेकंदाला एक ही लय कुठून आली? तरंगाला जाऊन परत यायला जेवढा वेळ लागतो, तेवढ्या वेळात हात एक आंदोलन पुरं करतो. दोन बरोबर जुळले की गेलेला आणि परतलेला तरंग एकमेकांवर चढतात. न हलणाऱ्या जागा म्हणजे निस्पंद. एका पोटाची लांबी तरंगलांबीच्या निम्मी असते. दोन पोटांच्या वेळी तरंगलांबी ८ मीटर, वारंवारिता सुमारे १.९६, गुणाकार पुन्हा १५.७. घड्याळानं मोजलेला वेग आणि हा वेग जुळला की मुलांचा सूत्रावर जो विश्वास बसतो, तो फळ्यावर कितीही वेळा सिद्धता मांडून बसत नाही.

तार अवतरंगी, आवाज अनुतरंगी

मिरजेचे तंबोरे आपल्या भागातल्या काही घरांत असतात. असलाच घरात तर तार छेडा. तार आडवी हलते, म्हणजे तारेवरचा तरंग अवतरंग. पण कानावर येतो तो हवेतला दाबाचा तरंग, आणि तो अनुतरंग. वारंवारिता दोन्हीकडे तीच, तरंगलांबी वेगळी. तारेची हलणारी लांबी ९० सेंटिमीटर आणि स्वर १३० हर्ट्झचा धरला, तर तारेवर तरंगलांबी १.८ मीटर आणि वेग सेकंदाला २३४ मीटर. हवेत आवाजाचा वेग सुमारे ३४३ मीटर, म्हणून तोच स्वर हवेत २.६४ मीटर लांबीचा होतो. गणितात ‘माध्यम बदललं’ असं वाचलं की वारंवारितेला हात लावायचा नाही, तो हा असा.

पुस्तकात आवाजाचं चित्र म्हणून जी नागमोडी रेघ छापतात, ती हवेच्या कणांची वाट नाही. तो दाबाचा आलेख आहे: रेघ वर तिथं दाब जास्त, खाली तिथं कमी. ती पाहून आवाजाला अवतरंग म्हणणारी हुशार मुलंही असतात.

हवेत आवाज अवतरंग का होऊ शकत नाही? एक थर बाजूला सरकवला तर शेजारच्या थरानं त्याला मागं ओढायला हवं, तेव्हाच आडवी हालचाल पुढं जाईल. दोरात ते ओढणं ताण करतो, दगडात दगडाचा ताठरपणा करतो. हवेला तसा ताठरपणा नाही, थर सरकले की सरकले. पाण्याच्या पोटातही तेच.

पाण्याच्या पृष्ठभागाचं प्रकरण जरा वेगळं. तळ्यातल्या लाटा शाळेत अवतरंगाचं उदाहरण म्हणून शिकवतात, आणि लहान परीक्षेत तसंच लिहावं. पण बेळगावच्या किल्ला तलावात तरंगणाऱ्या पानाकडे नीट बघितलं तर ते वर-खाली होताना थोडं पुढं-मागंही होतं, एक लहानसं वर्तुळ काढतं. म्हणजे त्या लाटा दोन्हींचं मिश्रण आहेत.

गजांची कसोटी

खिडकीच्या उभ्या गजांमधून दोर ओवा. दोरापेक्षा फट जेमतेम जास्त असावी. गज एकमेकांपासून लांब असतील तर दोन लाकडी पट्ट्या बांधून फट अरुंद करा. पलीकडे एकानं टोक धरावं. वर-खाली झटका द्या, तरंग पलीकडे जातो. आडवा झटका द्या, तो गजांवर आपटून तिथंच मरतो. तिरका झटका दिला तर पलीकडे पोचतो तो फक्त त्याचा उभा हिस्सा.

आता अनुतरंगाला हीच फट लावा. दोराऐवजी सैल स्प्रिंग ओवा आणि ती लांबीच्या दिशेनं ढकला. फट उभी ठेवा, आडवी ठेवा, काही फरक पडत नाही.

प्रकाश : गॉगल आणि कॅल्क्युलेटर

प्रकाशात हलतं काय? विद्युत क्षेत्र आणि चुंबकीय क्षेत्र. दोन्ही प्रकाशाच्या वाटेशी काटकोनात आणि एकमेकांशीही काटकोनात. पदार्थाची गरज नाही, म्हणून सूर्याचा प्रकाश पोकळीतून येतो. फ्रेंच शास्त्रज्ञ फ्रेनेलनं १८२१ साली प्रकाश पूर्णपणे अवतरंग आहे असं मांडलं. विद्युत आणि चुंबकीय क्षेत्रांचा त्यामागचा खेळ मॅक्सवेलनं दाखवला तो त्यानंतर चार दशकांनी.

बाजारात ‘पोलराइज्ड’ असं चिकटवलेले गॉगल मिळतात, पण चिकटवलेलं सगळं खरं नसतं. घेण्याआधी खिशातला कॅल्क्युलेटर काढा, आकडे गॉगलमधून बघा आणि गॉगल हळूहळू फिरवा. एका कोनात आकड्यांची पाटी काळी पडली तर गॉगल खरा. काही फरक पडला नाही तर नुसती रंगीत काच आहे, पैसे वाचवा. मोबाइलवर ही परीक्षा घेऊ नका, काही मोबाइलच्या पडद्यांची रचना वेगळी असते आणि ते कुठल्याच कोनात काळे होत नाहीत.

कॅल्क्युलेटरच्या पडद्यातून बाहेर येणाऱ्या प्रकाशाचं विद्युत क्षेत्र एकाच दिशेनं हलत असतं. गॉगल फक्त आपल्या अक्षाच्या दिशेचा हिस्सा सोडतो. किती सोडतो याचा नियम मालुसचा: तीव्रता कोनाच्या कोसाइनच्या वर्गाच्या प्रमाणात. अक्ष जुळलेले असताना मिळतो तो प्रकाश १०० धरला, तर ३० अंशांना ७५, ४५ ला ५०, ६० ला २५ आणि ९० ला शून्य. म्हणूनच सुरुवातीला फिरवताना फारसा फरक जाणवत नाही आणि शेवटी एकदम अंधार होतो.

दोन गॉगल असतील तर यातली सगळ्यात मजेची गोष्ट करता येते. पहिला गॉगल असा धरा की पडदा काळा होईल. मग पडदा आणि हा गॉगल यांच्या मध्ये दुसरा गॉगल ४५ अंशांत सरकवा. उजेड परत येतो. अडथळा वाढवला आणि उजेड वाढला. मधला गॉगल पन्नास टक्के सोडतो, पण सोडताना क्षेत्राची दिशा आपल्या अक्षाकडे वळवतो, आणि वळलेल्या प्रकाशातला पुन्हा निम्मा शेवटच्या गॉगलमधून जातो. आदर्श गॉगल धरले तर एकूण २५ टक्के. मधल्या जागी दुसऱ्या गॉगलऐवजी पारदर्शक काचेवर चिकटपट्टीचे उलटसुलट थर लावून धरले तर रंग दिसतात. थर बदलत राहा, रंग बदलत राहतात.

एक सावधगिरी. गजांचं चित्र डोक्यात ठेवून पोलरॉइडचे, म्हणजे गॉगलमधल्या प्रकाश गाळणाऱ्या पटलाचे, रेणू गजांसारखे उभे आहेत आणि उभं क्षेत्र सोडतात असं समजू नका. तिथं उलट आहे: लांबट रेणूंच्या दिशेनं हलणारं क्षेत्र शोषलं जातं आणि त्याला काटकोनातलं पलीकडे जातं. गजांचा प्रयोग कसोटी समजायला चांगला आहे, आतली यंत्रणा समजायला नाही.

पावसाळ्यात सर थांबली की प्रयोग दाराशी येतो. स्थिर पाण्यावरून परावर्तित होणाऱ्या प्रकाशात आडवं क्षेत्र जास्त असतं, आणि उभ्या रेषेपासून ५३ अंशांच्या आसपास ते जवळजवळ पूर्ण आडवं होतं. हा कोन जमिनीवर काढायला सोपा आहे: डोळ्यांची पाण्यापासूनची उंची घ्या आणि तिच्या सव्वापटीहून जरा जास्त, म्हणजे चार तृतीयांश अंतरावर बघा. डोळे दीड मीटर उंचीवर असतील तर दोन मीटर लांबच्या पाण्याकडे. सूर्याचं थेट प्रतिबिंब टाळा, आकाशाची चकाकी पुरे. गॉगल घालून पाहिलं की चकाकी विझते आणि डबक्याचा तळ दिसतो. डोकं खांद्याकडे कलवलं की चकाकी परत. १९२१ साली इंग्लंडहून बोटीनं परतताना सी. व्ही. रामन यांनी निकोल प्रिझममधून, म्हणजे गॉगलसारखंच एका दिशेचं क्षेत्र सोडणाऱ्या स्फटिकातून, समुद्राकडे असंच पाहिलं. आकाशाचं प्रतिबिंब वजा झालं तरी निळाई राहिली, म्हणजे समुद्र आकाशाचा रंग नुसता उसना घेत नाही, पाणी स्वतः प्रकाश विखुरतं, हे त्यांनी त्यावरून ताडलं.

भूकंप : दोन्ही तरंग एकाच वेळी निघतात

११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेचा भूकंप झाला. खडकाला ताठरपणा असल्यामुळे त्याच्यातून दोन्ही तरंग जातात. पुढं-मागं ढकलणारा अनुतरंग कवचात सेकंदाला सुमारे ६ किलोमीटर पळतो, आडवा हिसका देणारा अवतरंग सुमारे ३.५. कोयनानगर ते बेळगाव सरळ रेषेत १९० किलोमीटरच्या आसपास. भागाकार करा: पहिला ३२ सेकंदांत, दुसरा ५४ सेकंदांत. भूकंपमापकावर दिसणाऱ्या मधल्या २२-२३ सेकंदांवरून भूकंपाच्या केंद्राचं अंतर काढतात. एका सेकंदाच्या फरकाला साधारण आठ किलोमीटर धरायचे. अवतरंग पृथ्वीच्या बाह्य गाभ्यातून आरपार जात नाहीत, आणि तो गाभा द्रवरूप आहे हे शास्त्रज्ञांना त्यावरूनच समजलं.

शेवटी रेडिओ

हा प्रयोग मला सगळ्यांत आवडतो, कारण काही दिसत नसताना अवतरंग ओळखता येतो. मध्यम लहरींच्या रेडिओत फेराइटची काळी कांडी असते आणि तिच्यावर तारेचं वेटोळं. ही कांडी लहरीतलं चुंबकीय क्षेत्र पकडते, तेही कांडीच्या लांबीच्या दिशेचंच. सहसा ती रेडिओच्या लांबीला समांतर, वरच्या बाजूला बसवलेली असते.

सीमाभागात वर्षानुवर्षं ऐकली गेलेली आकाशवाणी सांगली १२५१ किलोहर्ट्झची, म्हणजे तरंगलांबी सुमारे २४० मीटर. बेळगावातून सांगली जवळजवळ थेट उत्तरेला आहे. केंद्राचा मनोरा उभा, त्यामुळे विद्युत क्षेत्र उभं आणि चुंबकीय क्षेत्र आडवं, पूर्व-पश्चिम. रेडिओ पूर्व-पश्चिम ठेवला की आवाज भरदार. आता तो टेबलावरच सपाट फिरवत उत्तर-दक्षिण करा, म्हणजे कांडीचं टोक सांगलीकडे रोखलं जाईल. आवाज बसतो, खरखर वर येते. लहर येते त्या दिशेनं चुंबकीय क्षेत्राचा हिस्साच नाही. अवतरंगाची व्याख्या हीच.

सांगली लागत नसेल तर मध्यम लहरींवरचं जे केंद्र स्वच्छ लागतं ते घ्या. आवाज बसला की कांडी ज्या रेषेत आहे त्याच रेषेत केंद्र कुठंतरी आहे. नकाशावर पट्टी ठेवून पडताळा घ्या. रेडिओ लोखंडी कपाट, वायरिंग आणि इन्व्हर्टरपासून लांब, शक्यतो अंगणात ठेवा. आणि हे दिवसा करा: अंधार पडल्यावर आयनांबरावरून, म्हणजे वातावरणातल्या वरच्या विद्युतभारित थरावरून, परतलेल्या लहरी वेगळ्या कोनातून येऊन मिसळतात, आणि आवाज बसायची जागा नीट सापडत नाही.